दुसरीच्या ओठांवरील वाणी : अभिनेत्री नाझ

बोलपटाच्या इतिहासात नटनट्यांची चरित्रे पुष्कळ लिहिली गेली. गायक-गायिकांचीही उपेक्षा झाली असे म्हणता येणार नाही. परंतु दुसऱ्याच्या हलत्या ओठांवर आपले शब्द नेमके बसविणे हा ज्यांचा व्यवसाय, त्यांची दखल घेण्याची चाल मात्र आपल्याकडे पडली नाही. गाणाऱ्या आवाजाला धनी असतो, बोलणाऱ्या आवाजाला नसतो, असा काहीसा चमत्कारिक समज आपण करून घेतला आहे. या समजाची किंमत एका गुणी अभिनेत्रीला कशी मोजावी लागली, ते आम्ही येथे पाहणार आहोत.

नाझ हिचे मूळ नाव सलमा बेग. जन्म १९४४ सालचा, मुंबईचा. तिच्या कमाईवर घर चाले. खेळण्याच्या वयात ती चित्रशाळांच्या प्रखर दिव्यांखाली उभी होती. 'बेबी नाझ' हे नाव देशभर झाले ते १९५४ सालच्या 'बूट पॉलिश' या चित्रपटामुळे. राज कपूर निर्माते, प्रकाश अरोरा दिग्दर्शक. भोला आणि बेलू ही दोन अनाथ भावंडे. काकू त्यांना भीक मागायला लावते आणि शेजारचा जॉन चाचा त्यांना कष्टाची भाकरी शिकवितो. जॉन चाचाची भूमिका करणारे डेव्हिड, म्हणजे डेव्हिड अब्राहम चेऊलकर, हे आपल्या कोकण किनाऱ्यावरच्या बेने इस्रायल समाजातले. आडनावातच चौल गाव बसलेले. चित्रपटातली भावंडे बुटांना पॉलिश करून मानाने जगू पाहतात, आणि बेलूचे काम करणारी मुलगी स्वतःही, निराळ्या अर्थाने, कष्टाचीच भाकरी मिळवीत होती.

हा चित्रपट १९५५ साली फ्रान्समधील कान महोत्सवात दाखविला गेला आणि तेथील परीक्षक मंडळाने बेबी नाझचा विशेष उल्लेख केला. त्या वर्षी मंडळाचे अध्यक्ष होते मार्सेल पान्योल. नाटककार पान्योल हे फ्रेंच बोलपटाचे पहिल्या पिढीतले कडवे पुरस्कर्ते. चित्रपटाने शब्दाची सेवा करावी, असे मानणाऱ्यांपैकी ते. अशा शब्दनिष्ठ गृहस्थाच्या मंडळाने, जिची भाषा त्यांना परकी होती अशा दहा वर्षांच्या मुलीचा गौरव करावा, याचे आम्हांस मोठे नवल वाटते. तेथे तिचा चेहरा बोलला. पुढे मायदेशी असा काळ आला की तिचा आवाज लोकांनी डोक्यावर घेतला, आणि चेहरा दुसरीचा होता.

बालकलावंताचे दुर्दैव हे की प्रेक्षक त्याला वाढू देत नाहीत. १९५५ सालच्या बिमल रॉय यांच्या 'देवदास'मधली लहानगी पारो तिनेच रंगविली. पारो मोठी झाली तेव्हा मात्र तिच्या जागी सुचित्रा सेन आल्या, आणि ते योग्यच होते. १९५९ सालच्या गुरुदत्तांच्या 'कागज के फूल'मध्ये ती नायकाची मुलगी पम्मी झाली. आईवडील विभक्त, वडिलांच्या आयुष्यात नटी आलेली. ही मुलगी त्या नटीपुढे जाऊन, आमच्या घरातून दूर हो, अशी विनवणी करते. वहिदा रेहमान यांच्यासारख्या अभिनेत्रीसमोर तो प्रसंग उभा करणे सोपे नव्हते. कोवळेपणा आणि हट्ट यांचे तिने साधलेले मिश्रण पाहिले म्हणजे वाटते, हिला नायिकेच्या वाटेने जाता यायला हवे होते. चित्रपट त्या वेळी चालला नाही. तिलाही ती वाट लाभली नाही.

मग आल्या त्या दुय्यम भूमिका : बहीण, मैत्रीण, नणंद. १९६५ साली नटवर्य सुब्बिराज यांच्याशी विवाह झाला आणि अनुराधा हे आणखी एक नाव मिळाले. पडद्यावर मात्र त्या नाझच राहिल्या. १९६७ सालचा 'बहू बेगम', १९७० सालचा मनमोहन देसाईंचा 'सच्चा झूठा' ही कामे रसिकांच्या स्मरणात आहेत. 'सच्चा झूठा'तल्या पायाने अधू बहिणीचे नाव पुन्हा बेलू आणि भावाचे पुन्हा भोला! सोळा वर्षांनी तीच जोडनावे. पण या खेपेस भोला म्हणजे राजेश खन्ना. भोला नायक झाला होता, बेलू बहिणीच्या जागीच होती.

परंतु आमच्या विषयाच्या दृष्टीने सर्वांत बोलका ठरतो तो शक्ति सामंत यांचा 'कटी पतंग'. त्यात नाझ यांच्या वाट्याला आली पूनम : तान्हे मूल घेऊन, कधी न पाहिलेल्या सासरी निघालेली विधवा. वाटेत तिची मैत्रीण मधू भेटते. गाडीला अपघात होतो आणि मरणाच्या दारात पूनम मधूकडून वचन घेते, की माझ्या नावाने माझ्या घरी जा, माझ्या मुलाला वाढव. येथून पुढे सारा चित्रपट आशा पारेख 'पूनम' म्हणून वावरतात. आपले नाव दुसरीला देऊन निघून जायचे, एवढेच या भूमिकेचे काम. पडद्यावर थोडा वेळ; पण ती थोडी मिनिटे खरी वाटली नाहीत तर पुढची सगळी कथा कोसळेल. सहायक भूमिकेचे मर्म याहून स्पष्ट करून सांगता येईल असे आम्हांस वाटत नाही.

पुढे नाझ यांनी प्रत्यक्ष जीवनात हेच केले, फक्त नावाच्या जागी आवाज दिला. १९८० नंतर दक्षिणेकडील निर्माते हिंदीत धडाक्याने चित्रपट काढू लागले. १९८३ सालच्या 'हिम्मतवाला'ने श्रीदेवी हिंदी प्रेक्षकांच्या घराघरांत पोचल्या. तमिळ आणि तेलुगू चित्रपटांत लहानपणापासून मुरलेल्या या अभिनेत्रीला हिंदी मात्र परके होते. तेव्हा त्यांच्या आरंभीच्या हिंदी चित्रपटांतून त्यांच्यासाठी अनेकदा नाझ बोलल्या. एक बालतारका दुसऱ्या बालतारकेसाठी बोलत होती. १९८६ सालच्या 'आखरी रास्ता'त हेच काम रेखा यांनी केले. ती गोष्ट अजून कौतुकाने सांगितली जाते, कारण सांगण्याजोगे नाव दोन्हीकडे होते.

हे काम कसे चाले, ते सांगितल्यावाचून त्याची योग्यता कळणार नाही. चित्रीकरणाच्या जागी गोंगाट, कॅमेऱ्याची घरघर. म्हणून तेथे केवळ खुणेपुरता आवाज टिपून घेत. मग ध्वनिमुद्रणगृहात चित्रपटाचे लहान लहान तुकडे करून प्रत्येकाची टोके जोडीत आणि ती माळ यंत्रावर पुनःपुन्हा फिरवीत. तेच वाक्य, तोच ओठांचा उघडझाप. अंधारात उभे राहून कानात मूळ शब्द, डोळ्यांसमोर दुसरीचे तोंड, आणि आपल्या घशातून हुंदका नेमक्या क्षणी. ओठ मिटल्यावर अक्षर उरले की तुकडा पुन्हा. नटीने चित्रीकरणाच्या वेळी घेतलेला श्वाससुद्धा येथे घ्यावा लागतो. मूळ अभिनय ज्या मनःस्थितीतून आला ती स्वतः उत्पन्न करून तिला दुसरीच्या मापात बसवायचे : याला अनुकरण म्हणणे अन्यायाचे होईल. चार वर्षांच्या वयापासून कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिलेल्या स्त्रीलाच ते सहज साधावे.

उच्चाराचा हा प्रश्न भिलाईसारख्या गावी राहणाऱ्या आम्हां मराठी मंडळींना नवा नाही. कारखान्याच्या निमित्ताने येथे नाना प्रांतांचे लोक आले. प्रत्येकाची हिंदी निराळी, आणि मोहन नगरातल्या भाजीवाल्याला आमची मराठी वळणाची हिंदी पहिल्या वाक्यातच ओळखू येते. पण ललिता पवार असोत वा सुलोचनाबाई, मराठीतून हिंदीत गेलेल्या आमच्या अभिनेत्री आपल्याच आवाजात बोलल्या. त्याआधी प्रभातने तर १९३२ साली 'अयोध्येचा राजा' मराठीत आणि हिंदीत दोनदा चित्रित केला. दुर्गाबाई खोटे दोन्ही भाषांत स्वतः बोलल्या. मराठी आणि हिंदी शेजारच्या, म्हणून हे निभावले. दक्षिणेच्या भाषांना हे सोपे नव्हते.

फ्रान्समध्येही आरंभी असेच घडले. पॅरिसजवळ झ्वानव्हील येथे पॅरामाउंट कंपनीने एकच कथा अनेक भाषांत, निरनिराळ्या नटसंचांसह चित्रित करण्याचा खटाटोप १९३० च्या सुमारास केला. तो फार खर्चाचा ठरला आणि आवाज बदलण्याची रीत रुजली. परदेशी चित्रपटांचे फ्रेंच भाषांतर फ्रान्समध्येच बोलविले गेले पाहिजे, असा दंडक १९३२ साली सरकारनेच घातला. तेथील पद्धत आमच्या माळेहून निराळी : चित्राखालून संवादांची पट्टी सरकत जाते, अक्षरे लांबट वा आखूड लिहिलेली, आणि शब्द खुणेच्या रेषेशी आला की तो उच्चारायचा. १९६१ सालच्या 'तीन शिलेदार'मधली कॉन्स्टन्स रंगविणाऱ्या पेरेत प्रादिए (१९३८–२०१३) यांनी पुढे आयुष्याचा मोठा भाग याच कामात घालविला, आणि इतरांकडून ते करवूनही घेतले. फरक हा, की तेथे तो उघड व्यवसाय होता. १९९४ साली या कलावंतांनी पुनर्प्रक्षेपणाच्या मोबदल्यासाठी संप पुकारला आणि तो पुढच्या वर्षापर्यंत नेला. आवाज थांबविता येतो हे ज्यांना ठाऊक असते, त्यांच्या आवाजाला किंमत येते.

आपल्याकडे गाणाऱ्या आवाजानेही नावासाठी झगडा केलाच. १९४९ सालच्या 'महल'च्या ध्वनिमुद्रिकेवर गायिकेच्या जागी 'कामिनी' हे पात्राचे नाव छापले होते. लता मंगेशकर हे नाव मागाहून आले. पुढे फिल्मफेअरने पार्श्वगायनाचे पारितोषिक ठेवले, तेही लताबाईंनी आग्रह धरल्यानंतर, आणि १९५९ साली 'मधुमती'साठी ते प्रथम त्यांनाच मिळाले. बोलणाऱ्यांमधून अशी कोणी लताबाई निघाली नाही. निघणार तरी कशी? गाण्याची तबकडी घरी नेता येते, संवादाची क्वचितच. शिवाय निर्मात्याचा स्वार्थ असा, की नायिकेचे रूप आणि वाणी एकाच देहात आहेत, हा भ्रम टिकावा. गाण्याच्या बाबतीत प्रेक्षकाने तो भ्रम केव्हाच आनंदाने सोडला होता.

कायद्याचेही या बाबतीत थोडे विचित्रच आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलावंताच्या प्रयोगाचा हक्क १९९४ साली आला, आणि आपले नाव लावून घेण्याचा हक्क २०१२ साली. पण त्याच दुरुस्तीत एक परंतुक आहे : चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक स्वरूपाचे आणि धंद्याच्या रूढीप्रमाणे नामावलीत वगैरे कोठेही ज्याचा उल्लेख होत नाही, त्याला कलावंत समजू नये, कामाची विटंबना झाल्यास दाद मागावी, एवढेच. नायिकेचे संवाद पहिल्यापासून शेवटपर्यंत बोलणे हे प्रासंगिक काम खासच नव्हे, असे आमचे स्पष्ट मत आहे. तरी नाव न देणे ही रूढी, आणि रूढी हाच हक्क नाकारण्याच्या कारणाचा अर्धा भाग, हे वाचून हसावे की रडावे ते कळत नाही.

१९८९ सालच्या 'चांदनी'त श्रीदेवी स्वतःच्या आवाजात बोलल्या. तो आवाज पातळ, किंचित बालिश, उच्चारात दक्षिणेची लकब. प्रेक्षकांनी तो मनापासून स्वीकारला. म्हणजे इतकी वर्षे ज्या अडचणीसाठी दुसरा आवाज आणला जात होता, ती अडचण प्रेक्षकांना फारशी नव्हतीच. १९९५ साली नाझ यांचे मुंबईत निधन झाले. वय पन्नाशीच्या थोडे पुढे. 'कटी पतंग' दूरचित्रवाणीवर लागतो तेव्हा आम्ही पूनमचा प्रसंग डोळे मिटून ऐकतो, आणि मग श्रीदेवींच्या आरंभीच्या एखाद्या चित्रपटातला संवाद ऐकतो. घरातल्या मुलांना हा खेळ वाटतो. परवा धाकटीने डोळे न उघडताच विचारले, "आजोबा, ही तीच का, गाडीतली?"