डब्ल्यू. ए. सी. बेनेट : दुकानदार ते प्रीमियर

कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांताचे १९५२ ते १९७२ अशी सलग वीस वर्षे प्रीमियर. हे पद आपल्याकडील मुख्यमंत्रिपदासारखे असते. विल्यम अँड्र्यू सेसिल बेनेट यांचा जन्म ६ सप्टेंबर १९०० रोजी न्यू ब्रन्सविक प्रांतातील हेस्टिंग्ज येथे झाला. नववीतच शाळा सोडून ते लोखंडी सामानाच्या दुकानात नोकरीस लागले. पुढे अल्बर्टा प्रांतात त्यांनी भागीदारीत दुकान चालविले आणि १९३० मध्ये, ऐन मंदीत, ओकानागन सरोवराकाठच्या केलोना या फळबागांच्या गावी एक दुकान विकत घेतले. धंदा वाढला, स्थानिक व्यापारी मंडळाचे अध्यक्षपद मिळाले आणि १९४१ साली ते काँझर्व्हेटिव्ह पक्षातर्फे प्रांतिक विधिमंडळात निवडून आले.

पहिले दशक मात्र अपयशाचेच गेले. पक्षनेतेपदाच्या निवडणुकीत ते १९४६ आणि १९५० असे दोनदा हरले. मध्यंतरी १९४८ साली संघीय संसदेची पोटनिवडणूकही गमावली. १९५१ मध्ये त्यांनी पक्ष सोडला आणि वर्षअखेरीस सोशल क्रेडिट या नगण्य पक्षात प्रवेश केला.

नशिबाने साथ दिली ती विरोधकांच्याच हातून. लिबरल व काँझर्व्हेटिव्ह यांच्या आघाडी सरकारने समाजवादी सीसीएफ पक्षाला रोखण्यासाठी पसंतिक्रमाची मतदानपद्धती आणली होती. आपली दुसरी पसंती एकमेकांकडे जाईल, असा त्यांचा हिशेब होता. ती मोठ्या प्रमाणावर सोशल क्रेडिटकडे गेली. जून १९५२ च्या निवडणुकीत त्या पक्षाला १९ आणि सीसीएफला १८ जागा मिळाल्या. निवडून आलेल्या सदस्यांनी निकालानंतर बेनेट यांना नेता निवडले. पुढच्याच वर्षी बहुमत मिळवून त्यांनी ती मतदानपद्धती रद्दही करून टाकली!

अर्थखातेही बरीच वर्षे त्यांनी स्वतःकडे ठेवले. दुकानाप्रमाणे प्रांतही उधारीवर चालू नये, हा त्यांचा आग्रह. १ ऑगस्ट १९५९ रोजी प्रांत कर्जमुक्त झाल्याचे जाहीर करून केलोना येथे सरोवरातील तराफ्यावर रद्द झालेल्या कर्जरोख्यांची जाहीर होळी करण्यात आली. वस्तुतः सरकारी महामंडळांची कर्जे वाढतच होती. सरकार त्यांना हमी देत असे, परंतु ती प्रांताच्या थेट कर्जात धरली जात नसत. एका वहीतील रक्कम दुसऱ्या वहीत गेली, ही टीका रास्तच म्हणावी लागेल.

त्या दुसऱ्या वहीतूनच प्रांताची उभारणी झाली, हेही खरे. रेल्वे उत्तरेकडे वाढली आणि १९६० मध्ये सरकारी फेरीसेवा सुरू झाली. खासगी उद्योगाचे कैवारी असूनही, पीस नदीची वीज घेण्यास राजी नसलेली बी. सी. इलेक्ट्रिक ही खासगी कंपनी त्यांनी १९६१ साली सरकारजमा केली. १९६३ मध्ये न्यायालयाने ते संपादन अवैध ठरविल्यावर अधिक मोबदला मोजावा लागला. दरम्यान १९६२ साली बी. सी. हायड्रो हे वीज महामंडळ स्थापन झाले होते.

पीस नदीवरील १८३ मीटर उंचीचे धरण त्यांच्याच नावाने ओळखले जाते. त्याचा जलाशय १९६८ पासून भरू लागला आणि त्सेकेने या आदिवासींची वस्तीस्थाने, शिकारीचे प्रदेश व दफनभूमी पाण्याखाली गेल्या. त्यांना पूर्वसूचना व सल्लामसलत यांपैकी जवळपास काहीच लाभले नव्हते. कोणत्याच वहीत न मांडलेल्या या नुकसानीबद्दल बी. सी. हायड्रोने २०१६ साली जाहीर दिलगिरी व्यक्त केली.

सलग सात निवडणुका जिंकल्यानंतर ऑगस्ट १९७२ मध्ये डेव्ह बॅरेट यांच्या न्यू डेमोक्रॅटिक पक्षाने बेनेट यांचा पराभव केला. पुढील वर्षी त्यांनी सोडलेल्या जागेवरून त्यांचे पुत्र बिल बेनेट निवडून आले व १९७५ मध्ये प्रीमियर झाले. २३ फेब्रुवारी १९७९ रोजी केलोना येथे बेनेट यांचे निधन झाले.