कालयंत्र प्रथम कोणी घडवले? वेल्सच्या आधीची गोष्ट (दीर्घ धागा)

१/ कालयंत्र म्हटले की एच. जी. वेल्स आणि त्याची १८९५ सालची ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी आठवते. मात्र भूतकाळात नेणारे पहिले यंत्र वेल्सने कल्पिलेले नाही. हा मान एका स्पॅनिश राजनैतिक अधिकाऱ्याकडे जातो, आणि त्याच्या यंत्रामागचा हेतू फारसा सन्माननीय नव्हता.

२/ आधी थोडी पार्श्वभूमी. काळ ओलांडण्याची कल्पना फार जुनी आहे. भागवतातील ककुद्मी राजा कन्या रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो. तेथे गायन चालू असल्याने क्षणभर थांबतो. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून जातात आणि त्याच्या मनातले सारे वर वंशासह नामशेष होतात. अमेरिकेतला रिप व्हॅन विंकल (१८१९) नुसता झोपतो आणि वीस वर्षांनी जागा होतो. दोघांनाही काळ पुढेच नेतो, आणि दोघांनीही तशी इच्छा केलेली नसते. परतीची वाट तर नसतेच.

३/ १८८० च्या दशकात मात्र माणूस स्वतः कळ फिरवू लागला, तीही उलटी. १८ सप्टेंबर १८८१ रोजी न्यूयॉर्कच्या ‘द सन’ या वृत्तपत्रात एक निनावी कथा छापून आली. लेखक होता एडवर्ड पेज मिचेल. कथेतील जुन्या डच घड्याळाचे काटे उलटे फिरतात आणि दोन तरुण १५७४ सालच्या लायडन शहरात जाऊन पडतात. शहराला स्पॅनिश सैन्याचा वेढा पडलेला. (हा वेढा खरा आहे. डचांनी स्वतःचेच बांध फोडून शेतांत पाणी सोडले आणि त्या पाण्यावरून गलबते आणून शहर सोडवले.) कथेतला प्राध्यापक विचारतो की सोळाव्या शतकाने एकोणिसावे घडवले असेल, तर एकोणिसाव्याने सोळावे का घडवू नये? १८८१ च्या वर्तमानपत्री कथेत हा प्रश्न यावा, याचे मला आजही नवल वाटते. मिचेलचे नाव पुढे विस्मृतीत गेले. सॅम मॉस्कोविट्झ या संशोधकाने १९७३ मध्ये त्याच्या कथा एकत्र करून छापल्या, तेव्हा कुठे ते पुन्हा उजेडात आले.

४/ तरीही ते घड्याळच होते, जादूच्या वस्तूसारखे. ते कसे चालते याचा खुलासा कथेत नाही. खुलाशासकट यंत्र येते १८८७ मध्ये, बार्सिलोना येथे प्रसिद्ध झालेल्या ‘एल अनाक्रोनोपेते’ या कादंबरीत. लेखक एन्रिके गास्पार इ रिंबाऊ हा नाटककार होता आणि चीनमध्ये स्पेनचा वाणिज्यदूत म्हणून नोकरीस होता. यंत्राचे नाव ग्रीक शब्द जुळवून केलेले. अर्थ साधारण ‘काळाविरुद्ध उडणारे’.

५/ हे अनाक्रोनोपेते म्हणजे ओतीव लोखंडाची प्रचंड पेटी, विजेवर चालणारी. पृथ्वीच्या फिरण्याच्या उलट दिशेने ती अतिवेगाने उडते आणि काळाचे वेटोळे उलगडत जाते, अशी उपपत्ती. विज्ञान म्हणून ती टिकत नाही. पण गास्पारची कल्पकता तपशिलात दिसते. काळ उलटा चालला तर प्रवासीही लहान होत जाणार, नाही का? म्हणून त्यांच्यावर एका द्रवाचा प्रयोग करावा लागतो. पेटीत आपोआप केर काढणारे झाडूसुद्धा आहेत!

६/ आता हेतूकडे वळू. यंत्राचा जनक डॉन सिंदुल्फो हा सारागोसाचा शास्त्रज्ञ. क्लारिता ही त्याची पुतणी आणि त्याच्या ताब्यातली पोरकी मुलगी. तिच्याशी त्याला विवाह करायचा आहे, तर तिचे मन एका तरुण कप्तानावर जडलेले. आपल्या काळात ती नकार देऊ शकते. मग जिथे मुलीच्या नकाराला किंमत नसेल असा काळ शोधायचा! कादंबरी विनोदी आहे, मूळ आराखडा तर संगीत नाटकाचा होता. तरी हा धागा मला विनोदी वाटत नाही. भूतकाळाची ओढ अनेकदा अशीच असते. ‘तेव्हाचे दिवस चांगले होते’ म्हणणाऱ्याला विचारून पाहावे : कोणासाठी?

७/ प्रवासात १८६० ची तेतुआनची लढाई, १४९२ चे ग्रानाडा, तिसऱ्या शतकातला चीन आणि इ. स. ७९ चे पाँपेई लागते. अखेरीस सिंदुल्फो भ्रमिष्ट होऊन यंत्र सृष्टीच्या आरंभाकडे दामटतो आणि स्फोट होतो. मग कळते की हे सारे नाटकगृहात पडलेले स्वप्न होते. लेखकाचा धीर इथे सुटला, असे माझे मत.

८/ हे सारे याच दशकात का? माझे उत्तर : काळ तेव्हा प्रथमच सरकारी कारभाराचा विषय झाला होता. आगगाड्यांना गावोगावची सूर्यघटिका परवडेना. नोव्हेंबर १८८३ मध्ये अमेरिकी रेल्वे कंपन्यांनी प्रमाणवेळ लागू केली. ऑक्टोबर १८८४ मध्ये वॉशिंग्टनच्या परिषदेने ग्रिनिचचे रेखावृत्त शून्य मानले. आपल्याकडे १८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईवर मद्रास वेळ लादून पाहिली आणि शहर बिथरले. १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ आली, तरी ३९ मिनिटे मागे असलेली ‘मुंबई वेळ’ पुढे कित्येक दशके तग धरून राहिली. घड्याळाचा काटा हुकुमाने सरकतो हे ज्यांनी पाहिले, त्यांना तो शतकभर मागे सरकवण्याची कल्पना सुचणे फार दूरचे नव्हते.

९/ हॅरी पॉटर वाचलेल्यांसाठी एक टीप. १९९९ च्या तिसऱ्या पुस्तकात हर्मायनीच्या गळ्यातली ‘टाइम टर्नर’ ही वाळूची घटिका वंशाने मिचेलच्या घड्याळाची, वेल्सच्या यंत्राची नव्हे. तेथेही मुले भूतकाळ बदलत नाहीत. त्यांचे मागे जाणे आधीपासूनच घटनेचा भाग असते. आणि पाचव्या पुस्तकात मंत्रालयातल्या या घटिकांचे कपाटच फुटते. कथेत असले साधन मोकळे ठेवले, तर कोणताही मृत्यू खरा उरत नाही.

१०/ राहता राहिला वेल्स. त्याने १८८८ मध्ये, विद्यार्थिदशा नुकती संपली असताना, ‘द क्रॉनिक अर्गोनॉट्स’ ही कथा महाविद्यालयीन नियतकालिकात लिहिली आणि १८९५ मध्ये तिचे सोने केले. त्याचा प्रवासी ८,०२,७०१ साली जाऊन परततो, पण मित्रांचा विश्वास बसत नाही. म्हणून तो पुरावा आणायला छोटा कॅमेरा घेऊन पुन्हा निघतो. कथा सांगणारा तीन वर्षे वाट पाहतो. तो प्रवासी अजून आलेला नाही.