कॅसरोलचा ताळेबंद

आमच्या घरात ‘कॅसरोल’ म्हणजे पोळ्या ठेवायचा डबा. बाहेरून प्लॅस्टिकचा, आतून स्टीलचा, झाकणावर फुलं छापलेला. आमच्या लग्नात असे चार आले होते. त्यांतले दोन आम्ही इतरांच्या लग्नांत ‘सप्रेम भेट’ म्हणून मार्गी लावले. एक फिरत फिरत चिरंजिवांच्या बारशाला आमच्याकडेच परत आला. त्यामुळे न्यू जर्सीहून माझ्या धाकट्या बहिणीने, सुमीने, फोनवर “दादा, कॅसरोल केला होता रे, सगळ्यांनी चाटूनपुसून खाल्ला” असं सांगितलं, तेव्हा शेजारी कान लावून बसलेल्या आईचा चेहरा बघण्यासारखा झाला.

“डबा खाल्ला?” आई म्हणाली. “अगंबाई! काय वेळ आली पोरीवर!”

मग सुमीने समजावून सांगितलं. काचेच्या भांड्यात आधी ब्रेडच्या तुकड्यांचा थर, त्यावर सॉसेज, त्यावर किसलेलं चीज, पुन्हा ब्रेड. वरून दुधात फेटलेली अंडी ओतायची. हे सगळं शनिवारी रात्री करून फ्रीजमध्ये ठेवायचं आणि रविवारी सकाळी तासभर ओव्हनमध्ये सारायचं.

“आणि त्या तासात तू काय करतेस?” मी सहज विचारलं.

“काही नाही. बसते. कॉफी पिते.”

हे ‘बसते’ माझ्या कानात अडकलं. कारण त्याच वेळी आमच्या स्वयंपाकघरातून तव्यावर उलथनं आपटल्याचा आवाज येत होता. आमच्याकडे रविवारी थालीपीठ. ही प्रथा आमच्या वडिलांनी सुरू केली. म्हणजे खायला त्यांनी सुरू केली, करायला आईने. लग्नानंतर उलथनं सौ.कडे आलं. एक थालीपीठ ताटात, एक तव्यावर, एक फडक्यावर थापलेलं, अशी रांग. रोख काउंटरवरच्या माणसाला रांग संपेपर्यंत जागा सोडता येत नाही, तसंच हे. आम्ही टेबलाशी बसून “येतंय का?” एवढंच विचारतो. शेवटचं, कडेला फाटलेलं थालीपीठ सौ. ओट्याशी उभ्याने खाते. तोपर्यंत लोणी संपलेलं असतं.

इतिहास हा माझा विषय नव्हे. मी बी.कॉम., तोही दुसऱ्या वर्गात. पण बँकेत पंचवीसेक वर्षं काढलेल्या माणसाला एक खोड लागते. खात्यात नोंद दिसली की तिचं व्हाउचर कुठे आहे ते शोधायचं. सुमीच्या खात्यात रविवारी एक तास जमा दिसत होता. तो कुठून आला? मी व्हाउचरं काढायला बसलो.

पहिलं व्हाउचर नावाचं. फ्रेंच भाषेत कॅसरोल म्हणजे दांड्याचं पातेलं. पुढे इंग्रजीत ते झाकणाच्या खोलगट भांड्याचं नाव झालं, आणि मग भांड्याचं नाव आतल्या पदार्थाला चिकटलं. आपल्याकडच्या हॉटेलांत नाही का ‘एक हंडी, एक कढई’ अशी ऑर्डर जाते आणि कोणी भांडं चावत नाही! म्हणजे आईचा घोटाळा वाटतो तितका अडाणीपणाचा नव्हता. ह्या शब्दाचा जन्मच घोटाळ्यात गेला आहे.

दुसरं व्हाउचर वेळेचं. सुमीच्या घरचे लोक हा पदार्थ ना नाश्त्याला खातात ना जेवणाला. ते ‘ब्रंच’ करतात. हा शब्द अमेरिकनांचा असेल अशी माझी समजूत होती, निघाला इंग्लंडचा. १८९५ साली गाय बेरिंजर नावाच्या लेखकाने ‘हंटर्स वीकली’ ह्या साप्ताहिकात ह्या खाण्याची वकिली केली. रविवारी चर्चमधून आल्यावर जडशीळ जेवण कशाला, जरा उशिरा उठावं, चहा-कॉफीने सुरुवात करावी आणि दोन्ही खाणी एकत्र उरकावीत, म्हणजे शनिवारी रात्री जागलेल्यांची सोय होते, असा त्याचा मुद्दा. माणसं अशा वेळी प्रसन्न होतात आणि बोलायला लागतात, असंही त्याने बजावलं होतं. पुढच्याच वर्षी ‘पंच’ने ह्या शब्दाची दखल घेतली, तोवर ते साप्ताहिक बंदसुद्धा पडलं होतं. ऑक्सफर्डच्या पोरांनी त्यात आणखी बारकावा काढला होता: खाणं न्याहारीच्या वेळेला जवळ असेल तर ब्रंच, दुपारच्या जेवणाला जवळ असेल तर ‘ब्लंच’. ज्या देशाच्या विद्यार्थ्यांना हा फरक करायला सवड होती, त्या देशाचं साम्राज्य पुढे का गेलं ते मला त्या दिवशी कळलं.

मात्र बेरिंजरसाहेबांच्या योजनेत एक खातं उघडायचं राहून गेलं. रविवारी सगळ्यांनी उशिरा उठायचं ठरलं, पण रांधायला लवकर कोणी उठायचं? त्यांच्या वाचकांकडे स्वयंपाकीणबाई असणार. आपल्यासारख्यांचं काय?

ह्या प्रश्नाचं उत्तर अमेरिकेत, आणि तेही रेल्वेच्या कंदिलातून निघालं. न्यूयॉर्क राज्यात कॉर्निंग नावाचं गाव आहे, तिथे काचेचा मोठा कारखाना. रेल्वेचे सिग्नलचे कंदील आतून तापायचे आणि बाहेरून त्यांवर पाऊस-बर्फ पडला की तडकायचे. साधी काच उष्णतेने फुगते, एका बाजूने फुगली आणि दुसऱ्या बाजूने आक्रसली की फुटते. कॉर्निंगवाल्यांनी कमी फुगणारी काच बनवली. ती इतकी टिकाऊ निघाली की नवीन काचा कोणी मागायलाच येईना. ही अवस्था बँकेतल्या माणसाला पटकन कळते. कर्ज वेळेआधी फेडणारा खातेदार सज्जन खरा, पण त्याच्यावर व्याज कुठून मिळणार? कंपनी त्या काचेला दुसरं गिऱ्हाईक शोधू लागली.

तिथे जेसी लिटल्टन म्हणून एक शास्त्रज्ञ होते. १९१३ साली त्यांच्या घरचं मातीचं कॅसरोलचं भांडं ओव्हनमध्ये दुसऱ्याच खेपेला तडकलं. बेसीबाईंनी यजमानांना सांगितलं, तुमच्या कारखान्यातलं काही तरी आणा. लिटल्टननी बॅटरीच्या काचेच्या बरण्यांचे तळ कापून घरी आणले. बाईंनी त्यांत केक भाजला. तो सारखा भाजला गेला, भांड्याला चिकटला नाही, आणि मुख्य म्हणजे किती झाला ते बाहेरून दिसत होतं. १९१५ साली ती भांडी ‘पायरेक्स’ नावाने बाजारात आली. नवऱ्याने ऑफिसातून काही घरी आणलं आणि त्यातून मानवजातीचं भलं झालं, अशी माझ्या माहितीतली ही एकमेव घटना. आमच्या बँकेतून घरी आणण्यासारखं म्हणजे टाचण्या आणि ताण.

पण ह्या काचेने एक मोठं काम केलं. ज्यात शिजवायचं तेच भांडं टेबलावर ठेवता येऊ लागलं. ताटं एकेक वाढून आत-बाहेर करायची गरज उरली नाही. रांगच मोडली.

तिसरं व्हाउचर ब्रेडचं, आणि हे मला सगळ्यांत प्रिय आहे. आयोवाच्या ऑटो रोवेडर नावाच्या जवाहिऱ्याने ब्रेड कापायचं यंत्र काढायचा ध्यास घेतला. १९१७ च्या आगीत त्याचं यंत्र आणि आराखडे जळाले. गडी हटला नाही. ७ जुलै १९२८ रोजी मिसूरी राज्यातल्या चिलिकॉथी गावी यंत्राने कापलेला ब्रेड प्रथम विकायला आला. लोकांना त्याची इतकी सवय झाली की १९४३ च्या जानेवारीत, ऐन महायुद्धात, सरकारने कापलेल्या ब्रेडवर बंदी घातली तेव्हा घरोघर हाहाकार उडाला. कापलेला ब्रेड लवकर सुकतो म्हणून त्याला जाड मेणकागद लागतो, तो वाचवायचा होता म्हणे. तेव्हा ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये एका गृहिणीचं पत्र छापून आलं. घरात नवरा आणि चार मुलं, सगळे सकाळी घाईत. टोस्टला प्रत्येकी दोन म्हणजे दहा तुकडे कापायचे, डब्यांसाठी आणखी वीस, आणि नंतर स्वतःचा टोस्ट. एकूण बावीस, असं बाईंनी लिहिलं होतं.

मी पेन्सिल घेतली. दहा आणि वीस तीस, बाईंचे दोन धरले तर बत्तीस. दहाचा फरक! ऐंशी वर्षांपूर्वीची, सातासमुद्रापलीकडची बेरजेची चूक आपण पकडली ह्या आनंदात माझे दोन दिवस गेले. ऑफिसात तिघांना सांगून झालं. तिसऱ्या दिवशी रात्री पत्र पुन्हा वाचताना नजर ‘नंतर’ ह्या शब्दावर थांबली. नंतर स्वतःचा टोस्ट. बेरीज त्यानंतर मला सुचली नाही.

बंदी ८ मार्चला उठली. दोन महिनेसुद्धा टिकली नाही.

बाकीची व्हाउचरं किरकोळ आहेत. १९२९ नंतरच्या मंदीत थोडं मांस आणि शिळा ब्रेड दूध-अंड्यांत मिसळून पुष्कळ दिसेल असं करायची विद्या बायकांनी कमावली. १९३४ साली, सुमीच्याच राज्यातल्या कॅम्डेन गावच्या कॅम्पबेल कंपनीने मशरूमचं घट्ट सूप डब्यात भरलं आणि पांढरा सॉस ढवळत उभं राहण्याचं काम गेलं. महायुद्धानंतर घरोघर फ्रीज आले, तशी रात्र उपयोगी पडायला लागली. चर्चच्या महिला मंडळांनी छापलेल्या पाककृतींच्या पुस्तकांतून हे पदार्थ घरोघर गेले. युटामध्ये तर बटाट्याच्या कॅसरोलला ‘अंत्यविधीचे बटाटे’ असंच म्हणतात, कारण दुःखाच्या घरी तो तयार करून नेता येतो. ब्रेड-अंड्याच्या प्रकाराला ‘स्ट्राटा’, म्हणजे थर, असंही नाव आहे.

त्यातली शिळ्या ब्रेडची अट ऐकून आई प्रथमच त्या देशाबद्दल आदराने बोलली. ताजा ब्रेड दुधात गिळगिळीत होतो. आदल्या दिवशीचा, कोरडा पडलेला, दूध-अंडं नीट पिऊन घेतो आणि भाजल्यावर फुगतो. “म्हणजे आपली फोडणीची पोळीच की,” आई म्हणाली. “इतकं काचेचं भांडं कशाला?”

काचेचं भांडं मी आणलं होतं. सुमीच्या मापाचं, तेरा इंच गुणिले नऊ इंच. शनिवारी संध्याकाळी माळ्यावरून आमचा ॲल्युमिनियमचा गोल ओव्हन काढला, झाकणाला काचेची खिडकी असलेला, आईने नानकटाईसाठी घेतलेला. आयताकृती भांडं गोल ओव्हनमध्ये जात नाही. आडवं जात नाही, तिरपं जात नाही. “बाबा, हे नववीला असतं,” चिरंजीव म्हणाले. शेवटी केकच्या गोल डब्यात निम्म्या प्रमाणात करायचं ठरलं. सुमीची आठ अंडी आणि तीन कप दूध. माझी चार आणि दीड. सॉसेजऐवजी उकडलेला बटाटा, कांदा, भोपळी मिरची आणि माझ्या जबाबदारीवर दोन हिरव्या मिरच्या. सौ. दारात उभी राहून पाहत होती. “मी करू का?” असं तिने सात वेळा विचारलं. मी मोजलं.

रविवारी साडेनऊला डबा ओव्हनमध्ये ठेवला. सुमीच्या ओव्हनला तीनशे पन्नास फॅरनहाइटचा काटा असतो. आमच्या ओव्हनला वायर असते. चालू किंवा बंद. एक तासाने खिडकीतून पाहिलं तर मधला भाग अजून डुचमळत होता. आणखी ठेवला. चहा मी केला होता. टेबलाशी आम्ही चौघं बसलो. चौथी खुर्ची रविवारी सकाळी भरलेली मी प्रथमच पाहत होतो. एरवी तिच्यावर वर्तमानपत्र असतं.

सौ. दोनदा उठली. एकदा कोथिंबीर निवडते म्हणाली, एकदा “नुसतं बसायचं कसं?” म्हणाली. दोन्ही वेळा चिरंजिवांनी तिला बसवलं. मग हळूहळू ती बोलायला लागली. माहेरच्या रविवारांबद्दल, तिच्या काकांच्या सायकलबद्दल, मला अठरा वर्षांत न सांगितलेल्या एका परीक्षेबद्दल. उलथन्याचा आवाज नव्हता म्हणून असेल, सगळं स्पष्ट ऐकू येत होतं.

“खरं सांगू का?” ती कपातल्या चहाकडे बघत म्हणाली. “मला थालीपीठ कधी फारसं आवडलंच नाही.”

अठरा गुणिले बावन्न. नऊशे छत्तीस रविवार. मी आईकडे पाहिलं. आता इथे काही तरी पेटणार अशी माझी खात्री होती. आई बशीतला चहा शांतपणे संपवत होती.

“मला तरी कुठे आवडायचं?” आई म्हणाली. “ह्यांना आवडायचं.”

बराच वेळ कोणी बोललं नाही. चिरंजीव माझ्याकडे बघत होते, मी ओव्हनकडे.

“करपतंय बहुतेक,” आई म्हणाली.

दोघींपैकी कोणीही उठलं नाही. मी उठलो. खालचा थर गेला होता. वरचे दोन शाबूत होते.