पिल्लांसाठी स्वयंचलित खाद्य-पाणी व्यवस्था

सक्करदऱ्यासारख्या नागपूरच्या वस्तीत घरामागच्या जागेत शंभरेक पिल्ले वाढवताना दिवसभर कुणी जवळ असतेच असे नाही. मे महिन्यात पारा ४५ अंशांपर्यंत चढतो. अशा दुपारी पाणी काही तास बंद पडले तरी पिल्ले दगावू शकतात. त्यामुळे यंत्रणा साधी आणि शक्यतो विजेशिवाय चालणारी ठेवावी.

पाणी
• १० ते १२ पिल्लांमागे एक निपल ड्रिंकर लागतो. म्हणजे १०० पिल्लांना किमान १० निपल हवेत.
• छतावरच्या टाकीचा थेट दाब निपलवर देऊ नये. निपल गळतात, तूस ओले होते आणि रक्ती हगवणीचा धोका वाढतो. मध्ये बॉल कॉक बसवलेली छोटी टाकी किंवा प्रेशर रेग्युलेटर ठेवा. टाकीनंतर फिल्टर बसवा.
• पहिल्या आठवड्यात निपलमधून मिनिटाला साधारण ३० मिलि पाणी पडावे. पिन मिनिटभर दाबून पाणी मापात धरा.
• पहिल्या दिवशी निपल पिल्लाच्या डोळ्यांच्या पातळीवर ठेवा. पुढे मान किंचित वर करून पिता येईल इतका उचलत जा.
• टाकी व पाइप सावलीत ठेवून ओल्या गोणपाटाने झाका. भर दुपारी पाइपमधील गरम पाणी सोडून द्या.

खाद्य
• पहिले तीन-चार दिवस कागदावर व उथळ ताटलीत खाद्य पसरा. त्याच वेळी स्वयंचलित भांडीही जवळ ठेवा, म्हणजे पिल्ले शिकतात.
• प्रत्येक पिल्लाला खाद्यभांड्याची २.५ सेंमी कड मिळावी. दोन्ही बाजूंनी खाता येत असेल तर १०० पिल्लांना सव्वा मीटर लांबीचे भांडे पुरते.
• मोटार व टायमरची गरज मोठ्या शेडला असते. लहान कळपाला वरून भरायचे लटकते भांडे पुरेसे आहे. खाद्य आपोआप खाली उतरते.
• भांड्याची कड पिल्लाच्या पाठीच्या पातळीवर ठेवा. खालची ताटली एक तृतीयांशच भरू द्या, नाहीतर खाद्य सांडते.

रोजची तपासणी
पिल्ले आणल्यावर दुसऱ्या दिवशी काही पिल्लांच्या गळ्याखालची अन्नपिशवी बोटांनी चाचपा. मऊ व भरलेली असेल तर खाद्य-पाणी दोन्ही मिळते आहे. कडक असेल तर पाणी कमी पडते. रिकामी असेल तर पिल्लाला खाद्य सापडलेले नाही. अशा पिल्लाची चोच निपलला लावून द्या.

सकाळ, दुपार व संध्याकाळ प्रत्येक निपल दाबून पाहा. तुंबलेला निपल बाहेरून ओळखू येत नाही. टाकीतील पाण्याची पातळी रोज लिहून ठेवा. पिल्ले खाद्याच्या साधारण दुप्पट पाणी पितात, उन्हाळ्यात त्याहून जास्त. पाण्याचा खप अचानक घटला तर आधी पाइप, मग पिल्ले तपासा. मरतूक दिसल्यास सेमिनरी हिल्स येथील नागपूर पशुवैद्यक महाविद्यालय किंवा जवळच्या पशुवैद्यकाचा सल्ला घ्या.

पाण्यातून लस देण्याच्या आदल्या दिवसापासून क्लोरीन बंद ठेवा. यंत्रणा तुमचे भरण्याचे काम वाचवते. पाहण्याचे काम तुमचेच राहते.