स्पिट्झबर्गनचा तह व हिंदुस्थानची सही

उत्तर ध्रुवाकडील स्पिट्झबर्गन बेटें १५९६ सालीं डच खलाशी बॅरेंट्स यास दिसलीं. पुढें व्हेल माशांच्या शिकारीसाठीं व कोळशासाठीं अनेक राष्ट्रांचे लोक तेथें गेले. तरी विसाव्या शतकाच्या आरंभींहि त्यांवर कोणाचेंच सर्वमान्य राज्य नव्हतें.

ता. ९ फेब्रुवारी १९२० रोजीं पॅरिस येथें तह होऊन पहिल्या कलमानें बेटांचें पूर्ण स्वामित्व नॉर्वेस मिळालें. मात्र तहांतील सर्व राष्ट्रांच्या प्रजेस प्रवेश, मासेमारी, व्यापार व खाणकाम यांचा समान हक्क राहिला. नवव्या कलमानें आरमारी तळ व तटबंदी वर्ज्य ठरली. तरीहि सप्टेंबर १९४३ मध्यें जर्मन युद्धनौकांनीं या बेटांवर तोफा डागल्याच.

या तहावर हिंदुस्थानातर्फे सही आहे ती ब्रिटिश वकील लॉर्ड डर्बी यांची. हिंदी लोकांस त्यांत मत नव्हतें. परंतु त्या सहीचा वारसा स्वतंत्र भारताकडे आला; २००८ सालीं भारतानें तेथें ‘हिमाद्रि’ संशोधनकेंद्र उघडलें, तें तहांतील एक पक्ष या नात्यानेंच. सही कोणाच्या हातची, हें इतिहासकारानें पाहावेंच. पण तिनें पुढील पिढीच्या पदरीं काय पडलें, हें तपासल्यावांचून कागद निरुपयोगी ठरवूं नये.