अफवेचे राजकारण : तलवाडा ते गडचिंचले

पालघरच्या जमावाच्या हातातली काठी सर्वांना दिसते. त्यामागची अफवा कोणाच्या सोयीची होती, हा प्रश्न मात्र इतिहास टाळतो.

१० ऑक्टोबर १९४५ रोजी, तेव्हाच्या ठाणे जिल्ह्यातील तलवाड्याला हजारो वारली जमले. गोदावरी परुळेकरांची सभा असल्याची हूल जमीनदारांनीच उठवली, असे किसान सभेचे म्हणणे होते. वेठबिगारीविरुद्ध उठलेल्या या माणसांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. जेठ्या गांगड यांच्यासह पाच जण ठार झाले.

१६ एप्रिल २०२० च्या रात्री, टाळेबंदीच्या काळात, गडचिंचले येथे चोर आल्याची अफवा होती. जमावाने दोन साधूंना व त्यांच्या चालकाला पोलिसांदेखत ठार केले. जमाव स्थानिक आदिवासींचा होता. शोषित असणे हा खुनाचा परवाना नव्हे, हे आधी आपणच म्हटले पाहिजे. पण लगेच दुसरी अफवा निघाली : मारणारे मुसलमान होते. अखेर गृहमंत्री अनिल देशमुख यांना अटकेतील १०१ जणांची यादी जाहीर करून, त्यात एकही मुसलमान नाही, असे सांगावे लागले.

त्याआधी, १ जुलै २०१८ रोजी, धुळे जिल्ह्यातील राईनपाड्यात नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच भिक्षेकऱ्यांना मुले पळवणारे समजून जमावाने मारले होते. त्या भटक्यांसाठी एवढा गदारोळ झाला नाही.

पहिली अफवा माणूस मारते. दुसरी त्या मरणाचा उपयोग ठरवते. कार्यकर्त्याला पाड्यावर पहिलीशी आणि शहरात दुसरीशी झुंजावे लागेल.