जन्म की विचार? पनवेलच्या सिनेगॉगपासून ज्यू तत्त्वज्ञानाची ओळख

पनवेलमध्ये बेथ एल नावाचं सिनेगॉग आहे. ते १८४९ साली बांधलं गेलं. आपल्यापैकी अनेकांनी ते बाहेरून पाहिलं असेल, पण ते कोणाचं आणि तिथल्या माणसांच्या मागे कोणती वैचारिक परंपरा आहे, याची माहिती आपल्या चळवळीतल्या तरुणांना फारशी नसते. ज्यू म्हटलं की आपल्याला हिटलर आठवतो, नाहीतर इस्राएल-पॅलेस्टाईनच्या बातम्या. या दोन्हींच्या पलीकडे दोन हजार वर्षांची विचारपरंपरा आहे. तिची तोंडओळख करून द्यावी म्हणून हा लेख.

एक प्रश्न हातात धरून आम्ही ही ओळख करून देणार आहोत: माणूस एखाद्या समाजाचा होतो तो जन्माने की विचाराने? १९५६ नंतर आपण ज्या वाटेवर आहोत, त्या वाटेवर हा प्रश्न रोज भेटतो. ज्यू विचारवंतांनाही तो शतकानुशतके भेटत आला आहे.

शनवार तेली कोण?

रायगड जिल्ह्यातले मराठी ज्यू स्वतःला बेने इस्राएल म्हणवतात. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं, सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या आणि त्यांच्यापासून आपला समाज वाढला, असं त्यांची परंपरा सांगते. कोकणात त्यांचा धंदा तेलाच्या घाण्याचा. शनिवारी, म्हणजे शब्बाथला, ते घाणा बंद ठेवत, म्हणून गावाने त्यांना ‘शनवार तेली’ हे नाव दिलं. इथल्या व्यवस्थेने बाहेरून आलेल्या या माणसांनाही एका जातीच्या कप्प्यात बसवलं. पेणकर, किहीमकर, राजपूरकर, दिवेकर, अष्टमकर ही त्यांची आडनावं गावांवरूनच पडली. सिनेगॉगला ते ‘मशीद’ म्हणत. मुंबईतल्या मशीद बंदरचं नाव त्यांच्याच १७९६ सालच्या सिनेगॉगशी जोडलं जातं.

जातीची लागण समाजाच्या आतही झाली. दोन्ही बाजूंनी ‘शुद्ध’ ज्यू वंशाचे म्हणवणारे ते ‘गोरे’, आणि ज्यांच्या घराण्यात बिगरज्यू आई आली असं मानलं गेलं ते ‘काळे’. या दोघांत लग्नं होत नसत. नावं वेगळी, पण रोग आपल्या ओळखीचाच.

सुरुवातीचे विचारवंत

ज्यू तत्त्वज्ञानाचा इतिहास बहुधा फायलोपासून सांगितला जातो. इसवी सनाच्या पहिल्या शतकात हा माणूस इजिप्तमधल्या अलेक्झांड्रिया शहरात राहत होता आणि ग्रीक भाषेत लिहीत होता. धर्मग्रंथातल्या कथा शब्दशः घेण्यापेक्षा त्यांच्यामागचा अर्थ शोधावा, ही त्याची पद्धत. आपला जुना धर्म आणि नातीगोती सोडून जे ज्यू समाजात आले, त्यांना बरोबरीचा मान मिळाला पाहिजे, असंही त्याने लिहून ठेवलं. इ. स. ३८ मध्ये अलेक्झांड्रियात ज्यूंवर हल्ले झाले, तेव्हा शिष्टमंडळ घेऊन तो रोमच्या सम्राटाकडे गेला.

दुसरं मोठं नाव सादिया गाओन (८८२–९४२). इजिप्तमध्ये जन्मलेला सादिया पुढे बगदादच्या परिसरातल्या सुरा विद्यापीठाचा प्रमुख झाला. ज्ञान कुठून मिळतं, या प्रश्नाला त्याने चार उत्तरं दिली: इंद्रियं, बुद्धी, अनुमान आणि विश्वासार्ह परंपरा. दिङ्नाग आणि धर्मकीर्ती या बौद्ध आचार्यांनी प्रत्यक्ष आणि अनुमान ही दोनच प्रमाणं मानली आणि शब्दप्रमाण वेगळं मानायला नकार दिला. सादियाने परंपरेला जागा ठेवली, पण ती एकमेव नव्हे आणि पहिलीही नव्हे. या दोन भूमिका शेजारी ठेवून वाचण्यासारख्या आहेत.

हालेवी विरुद्ध मायमोनिडीस

बाराव्या शतकात आपला प्रश्न थेट ऐरणीवर आला. स्पेनमधला कवी यहुदा हालेवी याने ‘कुझारी’ नावाचा संवादग्रंथ लिहिला. त्यात खझार लोकांचा राजा वेगवेगळ्या धर्मांच्या पंडितांना प्रश्न विचारतो आणि शेवटी ज्यू धर्म स्वीकारतो. असं असूनही हालेवीचं म्हणणं असं, की धर्मांतर करून आलेला माणूस जन्माने ज्यू असलेल्याच्या पूर्ण बरोबरीचा होत नाही. प्रत्यक्ष राजाने धर्म स्वीकारला, तरी वंशाची पायरी वरचीच राहिली.

दुसऱ्या बाजूला मोशे बेन मैमोन, म्हणजे मायमोनिडीस (११३८–१२०४). जन्म स्पेनमधल्या कॉर्डोबाचा. धार्मिक छळामुळे कुटुंबाला देश सोडावा लागला आणि शेवटी तो कैरोजवळ स्थायिक झाला. तिथे तो वैद्य म्हणून नावाजला. ‘संभ्रमितांचा मार्गदर्शक’ हा त्याचा ग्रंथ धर्म मानणाऱ्या, पण बुद्धी गहाण न टाकणाऱ्या वाचकासाठी आहे. दानाच्या त्याने आठ पायऱ्या सांगितल्या. सर्वांत वरची पायरी भीक घालण्याची नाही. गरजूला कर्ज, भागीदारी किंवा काम देऊन स्वतःच्या पायावर उभं करण्याची आहे.

ओबाद्या नावाच्या एका धर्मांतरिताने त्याला पत्राने विचारलं: प्रार्थनेत ‘आमच्या पूर्वजांचा देव’ असे शब्द येतात, माझे पूर्वज तर ज्यू नव्हते, मग मी ते म्हणू शकतो का? मायमोनिडीसने कळवलं, की सगळे शब्द जसेच्या तसे म्हण, काहीही बदलू नकोस. अब्राहामाच्या मार्गाने चालणारा प्रत्येकजण अब्राहामाचाच वारस आहे, तुझ्यात आणि आमच्यात फरक नाही. आठशे वर्षांपूर्वीचं हे पत्र धर्मांतरितांच्या वारसांनी, म्हणजे आपण, मुद्दाम माहीत करून घ्यावं असं आहे.

मायमोनिडीसचा भारताशीही संबंध आहे. त्याचा भाऊ डेव्हिड जवाहिराचा व्यापार करत असे. भारताच्या वाटेवर हिंदी महासागरात बुडून तो मेला आणि त्या धक्क्याने मायमोनिडीस दीर्घकाळ अंथरुणाला खिळला. पुढे दक्षिण फ्रान्समधल्या लुनेलच्या विद्वानांना लिहिलेल्या पत्रात त्याने भारतातल्या ज्यूंचा उल्लेख केला: त्यांना लिखित धर्मशास्त्र माहीत नाही, शब्बाथ आणि सुंता एवढंच ते पाळतात. त्याच्यापर्यंत पोहोचलेली ही माहिती कोकणातल्या ‘शनवार तेल्यां’च्या वर्णनाशी चांगलीच जुळते.

बहिष्कृत स्पिनोझा

२७ जुलै १६५६. अॅमस्टरडॅमच्या ज्यू समाजाने बारुख स्पिनोझा या २३ वर्षांच्या तरुणावर बहिष्कार घातला. त्याच्याशी कोणी बोलायचं नाही, एका छताखाली राहायचं नाही, त्याने लिहिलेलं वाचायचं नाही. हे कुटुंब स्वतःच पोर्तुगालमधल्या धर्मछळातून निसटून आलेलं होतं. छळातून सुटून आलेला समाजही आपल्यातल्या प्रश्न विचारणाऱ्याला वाळीत टाकू शकतो, याची ही नोंद विसरण्यासारखी नाही.

स्पिनोझा भिंगं घासून पोट भरत राहिला. १६७० साली त्याने नाव न घालता एक ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यात धर्मग्रंथ माणसांनी, काळाच्या ओघात लिहिले आहेत असं त्याने दाखवलं आणि विचारस्वातंत्र्याची बाजू मांडली. ज्यू लोक बुद्धीने किंवा सद्गुणाने इतरांहून वेगळे ‘निवडलेले’ नाहीत, असंही तो स्पष्ट म्हणाला. १६७३ साली हायडेलबर्ग विद्यापीठाने देऊ केलेली प्राध्यापकी त्याने नाकारली, कारण विचारांवर बंधन येईल अशी शंका त्याला होती. ‘एथिक्स’ हा त्याचा मुख्य ग्रंथ १६७७ मध्ये, तो गेल्यावर छापला गेला.

शंभर वर्षांनी जर्मनीत मोझेस मेंडेल्सन (१७२९–१७८६) याने ‘जेरुसलेम’ या १७८३ सालच्या पुस्तकात लिहिलं, की कोणत्याही धर्मसंस्थेला बहिष्काराचा अधिकारच असू नये. तोराचं जर्मन भाषांतरही त्याने केलं, आणि तेही हिब्रू लिपीत, म्हणजे ज्यू वाचकाला सहज वाचता यावं.

मराठीत आलेला ग्रंथ

मेंडेल्सनने जर्मनीत जे केलं, तसंच काम एकोणिसाव्या शतकात मुंबई-पुण्यात मराठीतून झालं. १८३२ साली जॉन विल्सन या मिशनऱ्याने मराठीतून हिब्रू व्याकरण छापलं. १८४६ मध्ये मुंबईत ‘हग्गादा’, म्हणजे गुलामगिरीतून सुटकेच्या सणाला घरी वाचायचा ग्रंथ, हिब्रू आणि मराठीत शिळाछापावर निघाला. १८७४ मध्ये पुण्यात आणखी एक आवृत्ती निघाली. जोसेफ एझिकेल राजपूरकर यांनी हिब्रू प्रार्थनाग्रंथ मराठीत आणले. हाईम सॅम्युएल किहीमकर यांनी १८७५ मध्ये मुंबईत समाजासाठी शाळा काढली आणि १८९७ मध्ये समाजाचा इतिहास लिहिला. तो त्यांच्या मृत्यूनंतर, १९३७ साली तेल अवीवमध्ये छापून आला. १८८०च्या सुमारास तर बायबलमधल्या कथांवर मराठी कीर्तनं सुरू झाली.

पुढे डॉ. जेरुशा जिराड यांनी १९२५ मध्ये मुंबईत ज्युइश रिलिजस युनियन स्थापन केली. लंडनमध्ये वैद्यकीय शिक्षण घेताना त्यांची उदारमतवादी ज्यू विचाराशी ओळख झाली होती. ज्यू धर्मसुधारणेचं काम भारतात एका मराठी डॉक्टर बाईने हाती घेतलं, हे आपल्या भगिनींनी लक्षात ठेवावं.

कोलंबियातला धागा

बाबासाहेब १९१३ ते १९१६ कोलंबिया विद्यापीठात होते. तिथले त्यांचे एक गुरू प्रा. एडविन सेलिग्मन जर्मन-ज्यू कुटुंबातले. बाबासाहेबांच्या प्रांतिक अर्थव्यवस्थेवरच्या १९२५ सालच्या ग्रंथाला प्रस्तावना त्यांचीच. त्यांचे वडील जोसेफ सेलिग्मन हे न्यूयॉर्कच्या ‘एथिकल कल्चर’ संस्थेचे पहिले अध्यक्ष. १८७६ साली ही संस्था काढली फेलिक्स अॅडलरने. तो एका रब्बीचा मुलगा. वडिलांची गादी न चालवता त्याने मांडलं, की ईश्वराबद्दल मतं काहीही असोत, माणसांना जोडणारा धागा नीतीचा आहे, आणि ती कृतीत दिसली पाहिजे. कामगारांच्या मुलांसाठी त्याने शाळा काढल्या. बाबासाहेबांच्या काळात अॅडलर कोलंबियात नीतिशास्त्र शिकवत होता. धम्मात देवाच्या जागी नीती आहे, हे ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’मध्ये वाचलेल्यांना हा शेजार नक्की विचार करायला लावेल.

छळछावण्यांच्या सावलीत

१९३५ मध्ये नाझींनी न्युरेंबर्ग कायदे केले. माणूस काय मानतो हे विचारायचं नाही, आजी-आजोबा कोण होते ते पाहायचं. जन्मावर माणूस मोजण्याचा तो कळस होता.

नोव्हेंबर १९३८ मध्ये गांधीजींनी वर्ध्याजवळच्या सेगावातून लेख लिहून जर्मनीतल्या ज्यूंना सत्याग्रहाचा सल्ला दिला. तत्त्वज्ञ मार्टिन बूबरने फेब्रुवारी १९३९ मध्ये जेरुसलेमहून उत्तर पाठवलं. जिथे बळीचा आवाज बाहेर पोहोचतच नाही, तिथे हौतात्म्याची कोणी दखलही घेत नाही, असा त्याच्या म्हणण्याचा आशय. दूर बसून पीडिताला सहनशीलतेचा उपदेश करणं सोपं असतं, हे आपल्याला वेगळं सांगायला नको. हाच बूबर पुढे ज्यू आणि अरब यांच्या समान हक्कांच्या एकत्र राज्यासाठी बोलत राहिला. त्यामुळे ज्यू विचार आणि इस्राएलचं सरकार यांना एक समजण्याची चूक करू नये.

हॅना आरेंट १९३३ मध्ये जर्मनीतून निसटली आणि १९५१ पर्यंत तिला कुठल्याच देशाचं नागरिकत्व नव्हतं. त्या अनुभवातून ती म्हणाली, की सर्व हक्कांच्या आधी ‘हक्क असण्याचा हक्क’ लागतो. ज्याला कोणताच समाज आपला मानत नाही, त्याच्या मानवी हक्कांना कागदापलीकडे किंमत उरत नाही. इमॅन्युएल लेविनास नाझींच्या युद्धकैदेत होता आणि लिथुआनियातलं त्याचं कुटुंब मारलं गेलं. समोरच्या माणसाचा चेहराच आपल्यावर जबाबदारी टाकतो, तिथूनच नीती सुरू होते, अशी मांडणी त्याने केली. अब्राहम जोशुआ हेशेल हा रब्बी १९६५ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांच्यासोबत सेल्माच्या मोर्चात चालला.

पुन्हा कोकणाकडे

या सगळ्यानंतर जे घडलं ते मन खिन्न करणारं आहे. मुंबईत बगदादहून आलेल्या श्रीमंत ज्यूंनी बेने इस्राएलांच्या शुद्धतेवर शंका घेतलीच होती. पुढे इस्राएलला स्थलांतर केलेल्या मराठी ज्यूंनाही १९६२ मध्ये तेच ऐकावं लागलं. तिथल्या धर्मपीठाने फर्मान काढलं, की बेने इस्राएलांशी लग्न लावण्याआधी त्यांच्या मागच्या पिढ्या तपासा. कोकणातून गेलेली ही माणसं गप्प बसली नाहीत. त्यांनी निदर्शनं केली, जेरुसलेममध्ये ठाण मांडलं. १९६४ मध्ये तिथल्या संसदेने त्यांची बाजू घेतली आणि धर्मपीठाला माघार घ्यावी लागली. मायमोनिडीसचं ओबाद्याला लिहिलेलं पत्र तेव्हा साडेसातशे वर्षांहून जुनं होतं. ते सगळ्यांना माहीत होतं, तरीही भांडावं लागलं.

हा धडा आपल्यासाठीही आहे. माणूस जन्माने नव्हे तर कर्माने ओळखावा, हे तथागतांनी सांगितलं, आणि आपल्या घराघरांत ते वाचलंही जातं. तरी वधू-वर मेळाव्यात अजून पोटजात विचारली जाते. दुसऱ्या जातीतून धम्मात आलेल्या माणसाला ‘मूळचे कोण?’ हा प्रश्न आपल्यातलेच लोक करतात. तो प्रश्न करणारा नकळत हालेवीच्या बाजूला जाऊन उभा राहतो.

महाराष्ट्र सरकारने २०१६ मध्ये ज्यू समाजाला अल्पसंख्याक दर्जा दिला. बहुतेक कुटुंबं इस्राएलला गेली, आता राज्यात थोडीच उरली आहेत. पनवेलचं बेथ एल मात्र उभं आहे. समाजाची रीतसर परवानगी घेऊन तिथे जा, त्यांचा शब्बाथ समजून घ्या, आणि शक्य झालं तर आपल्या अभ्यासवर्गात ओबाद्याच्या पत्रावर एक तास चर्चा ठेवा. कोणाला आपण अजून दाराबाहेर उभं ठेवलंय, याची यादी त्या तासात करता येईल.